रिंग अजून थोडी वाजू द्या : फोन किती सेकंद वाजावा हे ठरवणाऱ्यांना खुलं पत्र

प्रति,
दिल्लीत टेलिफोनचे नियम करणारे साहेब लोक, आणि मोबाइल कंपन्यांमध्ये बसून सेटिंग ठरवणारी सगळी मंडळी,

स. न. वि. वि.

विषय आधीच सांगून टाकते, कारण पत्र लांबणार आहे. मोबाइल वाजायला लागला की ३० सेकंदांत गप्प होतो, म्हाताऱ्या माणसांना ते ३० सेकंद पुरत नाहीत, तर ज्यांना हवे आहेत त्यांना वाढवून द्या. मागणी एवढीच आहे.

फोन किती वेळ वाजावा याचाही नियम असतो हे बऱ्याच जणांना माहीतच नाहीये. आहे नियम. १ नोव्हेंबर २०१९ ला ट्रायने, म्हणजे टेलिफोन कंपन्यांवर नियम लावणाऱ्या सरकारी संस्थेने, काढला, की समोरच्याने फोन उचलला पण नाही आणि कट पण केला नाही तर मोबाइल ३० सेकंद वाजेल आणि लँडलाइन ६० सेकंद. त्याआधी असा आकडा कुठे लिहिलेला नव्हता, कंपन्या आपापलं बघायच्या, साधारण ४५ सेकंदांपर्यंत वाजायचा कधीकधी. मग अचानक २०१९ मध्येच हा विषय का निघाला? तुम्हाला ती गोष्ट पाठ असणार, पण पत्र खुलं आहे आणि बाकीचेही वाचतायत म्हणून सांगते.

तेव्हा एका कंपनीच्या नंबरवरून दुसऱ्या कंपनीच्या नंबरवर फोन लागला की लावणाऱ्याच्या कंपनीने उचलणाऱ्याच्या कंपनीला मिनिटाला ६ पैसे द्यायचे असा हिशोब होता. आधी १४ पैसे होते, २०१७ च्या ऑक्टोबरात ६ केले. जिओ २०१६ ला आलं आणि त्यांनी कॉल फुकट केले, त्यामुळे तिकडून बाकीच्यांना भसाभस फोन जायचे आणि जिओच्या खिशातून ६-६ पैसे बाहेर पडायचे. मग जिओने रिंग २० सेकंदांवर आणली. एअरटेल आणि व्होडाफोन-आयडियावाले ओरडायला लागले की हे मुद्दाम चाललंय, रिंग लवकर तुटली की आमच्या गिऱ्हाइकाला मिस कॉल दिसतो, तो बिचारा उलटा फोन लावतो आणि ६ पैसे आम्हालाच द्यावे लागतात. जिओ म्हणालं छे हो, जगभर एवढीच वाजते. मग जिओने २५ केली, मग एअरटेल आणि व्होडाफोन-आयडियावाल्यांनीपण २५ केली, जशास तसे. शेवटी ट्राय मध्ये पडलं आणि ३० वर तोडगा निघाला.

म्हणजे भांडण ६ पैशांचं होतं. १ जानेवारी २०२१ पासून तर ते ६ पैसेही शून्य झाले, आता कोणी कोणाला काही देत नाही. ज्याच्यावरून एवढं रामायण झालं ते कारणच गेलं, आकडा मात्र तिथेच चिकटून राहिला. तार बंद झाली तेव्हा, जुलै २०१३ मध्ये, केवढ्या बातम्या आल्या होत्या, लोक शेवटची तार पाठवायला तार ऑफिसात रांगा लावून उभे होते. फोनची रिंग कापली तेव्हा कोणाला पत्ता पण लागला नाही. जे गडबडीत असतात, ज्यांचा फोन चोवीस तास हातातच असतो, त्यांना फरकही पडला नाही. मलाही पडला नसता.

फरक कोणाला पडतो ते सांगते. माझी आई संगमेश्वर तालुक्यात एका वाडीत एकटी राहते, मी डोंबिवलीला. वय झालंय, गुडघे गेलेत, एका कानाने बरं ऐकू येतं. फोन कीपॅडवाला. घरात रेंज येते ती फक्त ओटीवरच्या गजांच्या खिडकीत, तिथे एक दांडी, कधी नशिबाने दोन, माजघरात आणला की तीपण गेली. म्हणून फोन कायम त्या खिडकीच्या फळीवर आणि तोही स्टीलच्या पातेल्यात उभा करून ठेवलेला, कारण पातेल्यात आवाज घुमतो, ही आयडिया तिची स्वतःची. आणि आई कुठे असते? मागल्या दारी. भांडी, धुणं, नारळ सोलणं, काहीच नसलं तर अळवाच्या वाफ्याशी काहीतरी उकरत बसायचं.

आता मी फोन लावला की काय होतं बघा. आधी तिला कळायला हवं की वाजतोय तो आपलाच फोन, शेजारच्या टीव्हीतला नाही. मग हातातलं खाली ठेवायचं, पदराला हात पुसायचे, मग उठायचं, आणि खाली बसलेली असेल तर उठणं हेच मुख्य काम आहे, आधी एक हात जमिनीला, मग भिंतीला, मग कंबर सरळ होईस्तोवर जरा उभं राहायचं. मग स्वयंपाकघराचा उंबरा, माजघराचा उंबरा, तिथे अंधार असतो म्हणून भिंतीला धरून, आणि मग ओटीवर उतरायची पायरी. ती खिडकीशी पोचते तेव्हा फोन बंद पडलेला असतो. बहुतेक वेळा नुकताच. पायरीवर असतानाच बंद झाला असं सांगते, आणि त्याचाच तिला राग येतो जास्त.

पुढचा तमाशा अजून वेगळाच. ती तिथेच उभी राहून हिरवं बटण दाबून मला उलटा लावते आणि मी इकडून परत लावत असते, मग दोघींनाही एंगेज. मग तिला वाटतं लेक परत लावतेय, थांबूया, मला वाटतं आई लावतेय, थांबूया, आणि दोघी आपापल्या ठिकाणी फोनकडे बघत गप्प. बराच वेळ काहीच झालं नाही की ती परत मागल्या दारी जाते आणि ती तिकडे पोचली रे पोचली की मी लावते. हसू नका, सगळ्यांच्या घरी हेच चाललंय, ज्यांचे आईवडील गावाला आहेत त्यांना विचारा.

फोन गळ्यात अडकवून ठेव म्हणून सांगणारे भरपूर भेटतात. अहो गळ्यात अडकवला की रेंज नाही, सांगितलं ना. स्मार्टफोन घेऊन दे म्हणणारेही आहेत. तोही देऊन झाला, धुण्याभांड्याने बोटं ओली असली की स्क्रीनला कळतच नाही कोणी हात लावलाय ते, आणि उचलायला बोट सरकवायचं की दाबायचं यात जे होतं ते होतं, शेवटी तिने तो कपाटात साड्यांच्या खाली ठेवून दिला आणि कीपॅडवाला परत काढला. तिचं बरोबर होतं असं माझं मत आहे. बटण दाबलं की दाबलेलं कळतं.

लँडलाइन होती तेव्हा असं नव्हतं. ती पण ओटीवरच होती, साधारण त्याच जागेला, पण ती वाजत राहायची. आई मागल्या दारातून "आले गं आले, जीव खाऊ नको" असं त्या फोनलाच ओरडत यायची आणि येईस्तोवर वाजत असायची. पावसात वाडीची लाइट गेली तरी लँडलाइन चालू, कारण तिला घरातली वीज लागत नव्हती, एक्स्चेंजमधूनच तारेवरून करंट यायचा, त्यामुळे लाइट गेली असली तरी निदान आवाज ऐकू येणार याची खात्री. मग रस्ता रुंद करताना कुठेतरी केबल तुटली ती तुटलीच. बऱ्याच खेपा झाल्या, मग तक्रार करायचं पण सोडून दिलं सगळ्यांनी, अख्ख्या वाडीने आपापले डबे परत केले नाहीतर माळ्यावर टाकले.

आणि इथेच माझा मुद्दा आहे, साहेब. तुम्ही लँडलाइनला ६० सेकंद दिलेत. का दिलेत? कारण लँडलाइन एका जागी असते आणि माणसाला तिच्यापर्यंत चालत यावं लागतं, हे तुम्हालाही पटलं होतं. मोबाइल खिशात असतो म्हणून त्याला अर्धा वेळ, हेही ठीक. पण आता लँडलाइन गेली आणि तिच्याच जागेवर मोबाइल ठेवलाय. जागा तीच, उंबरे तेच, चालत येणारं माणूस तेच, फक्त आता जास्त म्हातारं झालंय, आणि वेळ मात्र अर्धा. तुमच्या कागदावर तो मोबाइल आहे म्हणून ३० सेकंद. आमच्या घरात ती लँडलाइनच आहे हो, तिला फक्त वायर नाही.

आता कोणी म्हणेल तीस सेकंदांचं काय एवढं, मिस कॉल दिसतोच की. मिस कॉलची तर आमच्या पिढीला सांगूच नका, आम्ही त्यावरच मोठे झालो. देशातला पहिला मोबाइल कॉल ३१ जुलै १९९५ ला झाला, कलकत्त्याहून बंगालचे तेव्हाचे मुख्यमंत्री ज्योती बसूंनी दिल्लीत दूरसंचार मंत्री सुखराम यांना लावला होता, पण आपल्यासारख्यांच्या घरात मोबाइल आला तो इनकमिंग फुकट झाल्यावर, २००३ नंतर. त्याआधी आलेल्या फोनचे पण पैसे पडायचे. इनकमिंग फुकट झालं आणि आउटगोइंग परवडत नव्हतं, मग मिस कॉलची भाषाच तयार झाली घरोघरी. एसटी चिपळूणला पोचली की एक मिस कॉल, घरी पोचलं की दोन, आणि तीन म्हणजे तू फोन कर अर्जंट आहे. चुकून कोणी पटकन उचलला तर शिव्या, "उचललास कशाला, गेले ना पैसे". बाबा तर मुद्दाम फोन हातात घेऊन बसायचे आणि रिंग मोजायचे.

लोकांच्या या सवयीवर पुढे धंदे पण उभे राहिले. बंगळुरूत २०१० मध्ये झिपडायल नावाची कंपनी निघाली, नुसत्या मिस कॉलवर चालणारी, २०१५ मध्ये ती ट्विटरने विकत घेतली. २०११ ला अण्णा हजारेंच्या आंदोलनाला लोकांनी मिस कॉल देऊन पाठिंबा दिला, पक्षाचं सभासद पण मिस कॉलवर होता येऊ लागलं, बँका मिस कॉलवर बॅलन्स सांगतात अजून. पण त्या सगळ्या मिस कॉलमध्ये एक गोष्ट नक्की असायची, दोन्हीकडच्या माणसाला माहीत असायचं की हा मुद्दाम दिलाय आणि याचा अर्थ काय. आता आईला जो मिस कॉल दिसतो त्याचा अर्थ काहीच नाही, तो मी दिलेलाच नाहीये. मला बोलायचं होतं आणि मशीनने तोडला.

आणि तुटल्यावर इकडे काय होतं तेही ऐका. ती बाई रेकॉर्डिंगमध्ये सांगते की आपण डायल केलेल्या क्रमांकावरून उत्तर मिळत नाही. स्विच ऑफ आलं तर चार्जिंग संपलं असेल म्हणून जरा बरं वाटतं, कव्हरेज क्षेत्राबाहेर आलं तर टॉवरची लाइट गेली असेल म्हणून अजून बरं वाटतं, पण वाजून वाजून उत्तर नाही म्हटलं की डोक्यात नाही नाही ते यायला लागतं. न्हाणीत पाय घसरला असेल का. विहिरीकडे गेली असेल का. मग शेजारच्या वहिनीला फोन, "वहिनी जरा आईकडे डोकावता का", आणि वहिनी बिचारी हातातलं टाकून येते आणि आई अळवाच्या वाफ्यात बसलेली असते, वर वहिनीलाच म्हणते चहा घेतेस का.

पूर्वी पी.पी. नंबर असायचे तेव्हा असंच होतं, लग्नपत्रिकेवर, लेटरहेडवर शेजाऱ्याचा नंबर छापायचे आणि पुढे कंसात पी.पी. तेव्हा फोन लावून सांगायचं की अमक्यांना बोलवा, मी दहा मिनिटांनी परत करतो, आणि ठेवून द्यायचा. एसटीडीचं मीटर पळत असायचं ना समोर लाल आकड्यांत. त्या दहा मिनिटांत निरोप जायचा, माणूस चप्पल घालून यायचं, फोनजवळच्या खुर्चीत बसायचं, मग फोन यायचा. म्हणजे त्या काळात माणसाला फोनपर्यंत यायला वेळ लागतो हे सगळ्यांनी धरूनच ठेवलं होतं. आज आम्ही वहिनींना पी.पी. केलंय परत, फक्त पत्रिकेवर छापलेलं नाही.

एक कारण अजून आहे ज्यामुळे हे ३० सेकंद जास्तच बोचतात. आई एवढी धडपडत येते, फोन सुदैवाने चालू असतो, उचलते, आणि पलीकडून कोणीतरी पर्सनल लोन घेता का विचारतं. १४० ने सुरू होणारे जाहिरातवाले नंबर तरी आकड्यावरून ओळखू येतात, पण साध्या दहा आकडी नंबरवरून येणाऱ्यांचं काय करायचं? हल्ली ती म्हणते, "घाई करून काय करायचंय, लोनवालाच असेल." म्हणजे तुमच्याकडून कापलेले सेकंद एकीकडे आणि लोनवाल्यांनी घालवलेला हुरूप एकीकडे, आमचा फोन या दोघांच्या मधे सापडतो.

रिचार्जचं पण बोलून घेते. इनकमिंग फुकट म्हणून लोकांनी लाइफटाइमची कार्डं घेतली आणि २०१८ च्या शेवटी कंपन्यांनी ३५ रुपयांचा मिनिमम रिचार्ज आणला, नाही केला तर आधी आउटगोइंग बंद मग इनकमिंगही बंद. मग २८ दिवसांचा महिना आला, वर्षाला तेरा रिचार्ज. ट्रायने डिसेंबर २०२४ मध्ये सांगितलं की नेट नको असलेल्यांसाठी नुसते कॉल आणि एसएमएसचे पॅक ठेवा, त्याबद्दल खरंच आभार, ते चांगलं काम झालं. पॅक आले जानेवारीत, पण वर्षभराचे म्हणाल तर सतराशे-अठराशे एकदम. आमच्याकडे मी इकडून भरते म्हणून ठीक, पण वाडीत अशी घरं आहेत की जिथे संपल्याचा मेसेज इंग्रजीत येतो, कोणाला वाचता येत नाही, आणि मुंबईतला मुलगा समजतो आईने फोन बंद करून ठेवलाय. निदान तो मेसेज तरी मराठीत द्या, आणि संपल्यासंपल्या इनकमिंग तोडू नका, आधी पाच-सहा दिवस मुलाच्या नंबरवर सांगा. फॉर्म भरताना दुसरा नंबर घेताच की आमचा, तो कधी वापरणार?

तुमचं म्हणणं काय असेल त्याचाही अंदाज आहे. फोन नुसता वाजत असतो तेव्हाही नेटवर्कवरची जागा अडते आणि त्याचे पैसे कंपनीला मिळत नाहीत. बरोबर आहे, गणेशोत्सवात सगळे चाकरमानी एकदम गावाला आले की टॉवरची काय अवस्था होते ती आम्ही दर वर्षी बघतो. म्हणून सगळ्यांचेच ६० करा असं मी म्हणतच नाहीये. बाकीच्यांचे ३० राहू द्या. ज्याला हवंय त्याला त्याच्या नंबरपुरतं ४५ किंवा ६० निवडता येऊ द्या, एवढंच. आणि एक फोन अर्धा मिनिट जास्त वाजला तर जागा अडते म्हणता, तर मी एका पाठोपाठ एक लावते, आई उलटा लावते, मी वहिनींना लावते, त्या सगळ्यात जागा अडत नाही का?

तांत्रिकदृष्ट्या होणार नाही असं तर सांगूच नका. फोन उचलला नाही तर दुसऱ्या नंबरवर वळवायची सोय कीपॅडच्या फोनवरून पण करता येते आणि त्यात किती सेकंदांनी वळवायचा हे गिऱ्हाईकच टाकतो, ५ पासून ३० पर्यंत, पाच-पाचच्या पटीत. म्हणजे प्रत्येक नंबरला वेगळा वेळ लावता येतोच, फक्त तो आम्हाला कमी करायला दिलाय, वाढवायला नाही.

आणि सोय देताना अॅपमध्ये देऊ नका कृपा करून. जिला ही सोय लागणार आहे तिच्याकडे अॅप नाहीये, हे परत परत का सांगावं लागतं कळत नाही. नुसते कॉलचे पॅक जे घेतात त्यांना आपोआप लावून टाका, म्हणजे कोणाला काही दाबायला नको, कारण ते पॅक घेणारी माणसं बहुतेक हीच आहेत. नाहीतर नाक्यावर रिचार्ज मारणारा जो मुलगा असतो त्याच्याकडून होऊ दे, वाडीचं निम्मं टेलिकॉम खातं तोच चालवतो.

२०१९ ला तुम्ही निर्णय घ्यायच्या आधी कन्सल्टेशन पेपर काढला होतात, लोकांची मतं मागवली होतीत. मतं दिली कोणी, तर प्रामुख्याने कंपन्यांनी, कारण ज्यांचा फोन उचलायच्या आधी तुटतो ती माणसं असले पेपर वाचत नाहीत. पुढचा काढाल तेव्हा मराठीतही काढा, आणि मत फक्त ईमेलने घेऊ नका, पोस्टकार्डाने पण घ्या. आईला मी विचारलं तुझं काय म्हणणं लिहू, तर म्हणाली, "लिही, पायरी उतरेपर्यंत वाजू दे." तिच्या हिशोबाने किती सेकंद हे तुम्ही काढा, तुमच्याकडे इंजिनिअर आहेत.

कळावे,
आपली एक ग्राहक,
डोंबिवली